बारावा तुकडा

दि. १२ फेब्रुवारी १९६३. मुक्काम उंबरडोह, तालुका उमरखेड.

हजर : मी, समाजशिक्षण संघटिका, वय पंचेचाळीस. श्री. ठोसर, सहकार विस्तार अधिकारी, वय तीस, मासे न खाणारे. भोईपुऱ्यातले अकरा कर्ते पुरुष. शिवाय बायका, त्यांची नावं त्या दिवशी घेतली नाहीत.

आमच्या महिला मंडळाच्या हस्तलिखित अंकासाठी ‘नदीकाठच्या भोयांवर काहीतरी गमतीचं लिहा’ असा निरोप आला आहे. गंमत थोडीच आहे, ती आधी सांगून टाकते. ढाणकीपर्यंत आम्ही एस.टी.ने गेलो, पुढे बैलगाडीने. पैनगंगेच्या उतारावर गाडीवानाने बैल सोडले आणि ‘आता पायी’ म्हणून विडी पेटवली. वाळूत माझी चप्पल रुतली. ती काढायला वाकले तर पिशवीतला कंदील घरंगळत पाण्यात गेला. तो धरायला ठोसर धावले आणि शेवाळावरून घसरून कमरेइतक्या पाण्यात, धोतरासकट, फायलीसकट बसले. एका खोडातून कोरलेला डोंगा वल्हवत एक म्हातारा आला. त्याने आधी फाईल उचलली, मग कंदील, मग ठोसरांना.

‘‘साहेब, इथीसा मासे नाही सापडत,’’ तो म्हणाला, ‘‘थोडं तिकडं बसाले पायजे होतं.’’

हे नागोराव. पुऱ्यात सगळे त्यांना आबाजी म्हणतात. मासेमारांची सहकारी संस्था काढायची, म्हणजे सरकारी मदतीची जाळी मिळतील, हे सांगायला आम्ही आलो होतो. आबाजींनी ते डोंग्यातच ऐकून घेतलं आणि विचारलं, ‘‘जाळी आमच्यापाशी नाही का?’’

नदीची कल्पना यावी म्हणून सांगते. माझं माहेर राळेगावचं, कापसाच्या काळ्या रानातलं. तिथे नदी म्हणजे पोळ्याला बैल धुवायची जागा. इथे फेब्रुवारीत पैनगंगा खडकांमधून करंगळीएवढी वाहते आणि मध्येच अचानक हिरवी, गप्प, थांबलेली दिसते. ते डोह. उन्हाळ्यात मासा तिथे गोळा होतो, आणि भोयांचं सगळं आयुष्य या डोहांशी बांधलेलं. दोन्ही काठांच्या वाळूत त्यांच्या टरबूज-डांगरांच्या वाड्या, तुऱ्हाट्यांची कुंपणं घातलेल्या. पलीकडचा काठ मराठवाड्याचा. राज्यं बदलून सात वर्षं झाली तरी म्हाताऱ्यांच्या तोंडी तो अजून ‘मोगलाई’च. मोगलाईतल्या भोयांशी सोयरिकीही चालतात आणि डोहावरून डोकीही फुटतात, बहुतेक एकाच घरात.

पुऱ्यात बारा घरं. पुरुष पाण्यात, बायका काठावर, अशी सरळ वाटणी. तागासारख्या सणाचा दोरा वळणं, तो बाभळीच्या सालीच्या काढ्यात शिजवणं, जाळ्याला ओझं म्हणून मातीची कडी करून भाजणं, फाटलेलं सांधणं, आणि टोपलं डोक्यावर घेऊन ढाणकीच्या बाजारात मासे विकणं, ही सगळी बायकांची कामं. मासा विकणारा पुरुष इथे हसण्याचा विषय होतो. सालीच्या काढ्याचा वास केसांत बसतो. यवतमाळला परत आल्यावर आमच्या शेजारणीने मला विचारलं होतं की चामड्याच्या दुकानात गेला होता का.

आमचा मुक्काम शाळेच्या खोलीत होता. जेवण आबाजींच्या घरून आलं : ज्वारीची भाकरी, जवसाची चटणी आणि वाम माशाचं लाल रस्सा-कालवण. मी ते खाल्लं आणि परत मागितलं. ठोसरांनी चटणी-भाकरी घेतली. तरी वाढणाऱ्या म्हातारीने त्यांच्या भाकरीवर रस्सा घातलाच. ‘‘रश्शात मासा नसते बाप्पा, मासा खाली राह्यते,’’ तिचा युक्तिवाद.

१३ फेब्रुवारी. जाळं.

सकाळी थंडी मरणाची होती. उजाडताच प्रत्येक घरातून एकेक पुरुष खांद्यावर जाळ्याची गुंडाळी घेऊन निघाला आणि सगळे डोहाच्या वरच्या वाळूत जमले. मला वाटलं होतं जो तो आपलं जाळं टाकणार. तसं नाही. प्रत्येक गुंडाळी म्हणजे एका लांब जाळ्याचा एक तुकडा. वाळूत ते शेजारी शेजारी पसरले आणि कडेला कड लावून दोरीने जोडायला सुरुवात झाली. घराघराचे तुकडे मिळून पुऱ्याचं एक जाळं, डोहाच्या या काठापासून त्या काठापर्यंत पुरणारं. काम झालं की पुन्हा सोडवायचं आणि ज्याचा त्याने घरी न्यायचं. तुकड्यांचे रंग वेगळे, कुठे काढा जास्त शिजलेला, कुठे कमी. माणूस ओळखावा तसे ते एकमेकांचे तुकडे ओळखतात.

मला मोजायची सवय आहे. तुकडे बारा होते आणि पुरुष अकरा.

बारावा तुकडा एका बाईने आणला. पस्तिशीची, उंच, लुगड्याचा काचा घट्ट मारलेली. ओल्या वाळूच्या कडेपर्यंत ती आली, तुकडा खाली ठेवला आणि तिथेच थांबली. पुढची ओली वाळू पुरुषांची. तुकाराम नावाच्या तरुणाने तो तुकडा ओढून घेतला आणि जोडायला बसला.

‘‘वहिनी, या कोपऱ्यातलं भोक तं मगर जाईन एवढं आहे!’’ तो ओरडला.

‘‘मगर जाईन तं जाऊ दे,’’ ती म्हणाली, ‘‘तुह्यासारखा बेडूक अडकला म्हणजे झालं.’’

सगळा काठ हसला. ही गिरजा. तुकाराम तिचा चुलत दीर.

जाळं पाण्यात गेलं. दोन्ही टोकांना पाच-पाच जण, मध्ये वाळलेल्या भोपळ्यांवर पोट टाकून आबाजी, हातात लांब काठी, पाणी बडवत. सत्तरीचा माणूस त्या गार पाण्यात तासभर होता. ओढत ओढत जाळं वरच्या उथळ पाण्याशी आलं, तेव्हा आत पाणी उकळल्यासारखं दिसत होतं. मरळ, वाम, शिंगाळे, मुठीमुठीने झिंगे. शिंगाळ्याचा काटा एकाच्या पोटरीत शिरला. त्याने तो उपटला, जखमेवर तंबाखू दाबली आणि ओढत राहिला.

मग वाटणी, आणि हीच गोष्ट मला तुम्हाला नीट सांगायची आहे. कोरड्या वाळूवर बारा ढीग केले, नजरेनेच, पण एक झिंगा इकडचा तिकडे करायला दहा मिनिटं घालवून. मग आबाजी ढिगांकडे पाठ करून नदीकडे तोंड करून उभे राहिले. तुकारामने एका ढिगावर काठी टेकवली आणि विचारलं, ‘‘हा कोनाचा?’’ आबाजींनी न बघता एक नाव घेतलं. ‘‘हा कोनाचा?’’ दुसरं नाव. म्हणजे कुणाला कुठला ढीग मिळाला याचा दोष कुणावर येत नाही.

‘‘हा कोनाचा?’’

‘‘सोपानच्या जाळ्याचा.’’

गिरजा टोपलं घेऊन पुढे आली आणि ढीग भरू लागली.

‘‘सोपान कोण?’’ मी विचारलं.

‘‘माहा नवरा.’’

‘‘आज आले नाहीत?’’

‘‘तीन वर्स झाले, तापात गेला.’’ तिने वर बघितलं नाही. ‘‘तो गेला. जाळं आहे ना.’’

मी आबाजींकडे वळले. ते अंग पुसत होते. ‘‘बाई, वाटा मानसाचा नसते,’’ ते म्हणाले, ‘‘मानूस आज आहे, उद्या खाटेवर, परवा नाही. वाटा जाळ्याचा. ज्याचं जाळं पान्यात, त्याच्या घरी मासा.’’

राळेगावला मी लहानपणापासून वेचणी पाहिली आहे. तिथे जिचे हात चालतात तिच्या ओटीत कापूस. नवरा मेलेली बाई चौथ्या दिवशी रानात येते, कारण तिच्या नवऱ्याच्या नांगराला कुणी काही देत नाही. ते मला तोवर न्याय्यच वाटत होतं. त्या वाळूवर उभं राहून पहिल्यांदा वाटलं, की याहून शहाणी सोय असू शकते, आणि ती कुठल्याही कायद्याने केलेली नाही. वहीत मी तसं लिहिलंही. ठळक अक्षरात लिहून खाली दोन रेघा मारल्या.

१४ फेब्रुवारी. गिरजाच्या घरी.

घरात ती आणि डोळ्यांनी अधू सासू. ओसरीत बांबूवर तो तुकडा लटकवलेला, आणि गिरजा तुकारामला दिसलेलं भोक सांधत होती. बांबूची सुई इतकी भराभर चालत होती की गाठ कधी पडली ते कळत नव्हतं. मला करून बघायला दिलं. मी बांधलेल्या तीन गाठी तिने न बोलता उसवल्या.

‘‘यात तुमच्या नवऱ्याच्या हातचं किती उरलं?’’ मी विचारलं.

तिने वरच्या कडेवरून बोट फिरवलं, साधारण हातभर. ‘‘हे इतकं. बाकी माहं.’’

‘‘मग सगळंच नवीन का नाही बांधत? हे कुजत चाललंय.’’

‘‘बाईनं जाळं सुरू करा लागत नाही. सांधा लागते.’’

म्हणजे असं : नवं जाळं सुरू करायची पहिली गाठ पुरुषाची. बाई ते जन्मभर सांधू शकते, पण सुरू करू शकत नाही. तेव्हा गिरजाचा वाटा तिच्या नवऱ्याच्या त्या हातभर गाठींवर उभा होता. त्या कुजल्या की वाटा संपला. म्हणून ती कडेची ओळ ती पाण्यातून आल्या आल्या वेगळी धुवायची, सावलीत वाळवायची आणि वर्षातून दोनदा काढ्यात बुडवायची.

‘‘किती वर्षं टिकेल?’’

‘‘मी टिकीन तवर टिकवीन.’’

आतून सासू म्हणाली, ‘‘तिले म्हनाव तू काहून मेली नाही अजून. माह्या पोराच्या गाठी मोजून राह्यली रोज.’’

‘‘आत्याबाई, तुम्ही मेल्याशिवाय मी कशी मरू? तुमाले कालवन कोन देईन?’’

म्हातारी खूश होऊन हसली. दोघींचं असंच चालत असावं. मी मात्र त्या दोघींपुढे झिंग्यांचं कालवण खाल्लं आणि या वेळी परत मागितलं नाही. ते चांगलं झालं नव्हतं म्हणून नव्हे.

१५ फेब्रुवारी. यादी.

शेवटचा दिवस. दुपारी साडेतीनची एस.टी. ढाणकीहून पकडायची होती. उंबराखाली सभा घेतली. ठोसरांचे ओले झालेले फॉर्म दोन दिवस उन्हात वाळवून कडक झाले होते. रकाने असे : अनुक्रम, नाव, वय, आणि ‘स्वतः मासेमारी करतो काय?’ मी नावं विचारत गेले, ठोसर लिहीत गेले. अकरा नावं झाली. सगळ्यांपुढे ‘होय’.

आबाजींनी विचारलं, ‘‘गिरजीचं?’’

मी ठोसरांकडे बघितलं. ठोसरांनी रकाना दाखवला. ‘‘त्या स्वतः मासेमारी करतात का?’’

खोटं कुणालाच बोलायचं नव्हतं. तुकाराम म्हणाला, ‘‘तिचं जाळं करते.’’

‘‘जाळं सभासद होत नाही हो,’’ ठोसर म्हणाले. ते काही वाईट मनाचे नव्हते. ‘‘बाई, आपण आज अकरा नोंदवू. नोंदणी तर होऊ दे. पुढे सभासद वाढवता येतात.’’

माझ्या वहीत त्या बाराव्या तुकड्याविषयी अर्धं पान लिहिलेलं होतं. ते मी वाचून दाखवू शकले असते. ठोसरांना म्हणू शकले असते, की रकाना चुकीचा आहे, वर लिहून विचारा, तोवर मी इथून हलत नाही. पण गाडी जुंपून तयार होती. फॉर्म पुरे भरलेले होते, एकही खाडाखोड नव्हती, आणि चार दिवसांत संस्था उभी केली म्हणून शाबासकी मिळणार हे मला दिसत होतं. गिरजा बायकांच्या मागे उभी होती. तिने विचारलं, ‘‘बाई, माह्या जाळ्याचं झालं का?’’

‘‘पुढच्या खेपेला करून टाकू,’’ मी म्हणाले.

ती ‘बरं’ म्हणाली. एस.टी. आम्हाला मिळाली.

डिसेंबर. दुसरी खेप.

पुढची खेप दहा महिन्यांनी झाली. मधल्या काळात माझ्या कामाच्या यादीत ‘उंबरडोह : १२ वे नाव’ हे दर महिन्याला नव्या पानावर उतरवलं जात होतं. उतरवून घेतलेलं काम केल्यासारखं वाटतं, हा यादी करणाऱ्यांचा रोग आहे. मला तो आहे.

या वेळी मी एकटी गेले. ठोसरांची बदली झाली होती. डोहाच्या काठावर जाळं वाळत घातलेलं लांबूनच दिसलं, पांढरं, चमकणारं, कोळ्याच्या जाळ्यासारखं. दिवाळीच्या आधी खात्याकडून ते आलं होतं. नायलॉनचं, यंत्रावर विणलेलं, एकसंध. त्याला काढा लागत नाही. ते कुजत नाही. भिजल्यावर जड होत नाही. ओढायला पाच-पाचऐवजी तीन-तीन माणसं पुरतात आणि मासा जास्त येतो. हे सगळं खरं आहे आणि मला कुणी खोटं पाडू नये म्हणून लिहून ठेवते. त्या जाळ्यात वाईट काही नाही.

फक्त त्याला तुकडे नाहीत.

सकाळची ओढ मी बघितली. मासा निघाला, ढीग झाले. मी मोजले : अकरा. आबाजी आता पाठ करून उभे राहत नाहीत. तुकाराम संस्थेचा चिटणीस झाला आहे, त्याच्या हातात माझ्याच यादीची नक्कल होती, आणि तो अनुक्रमाने नावं वाचत होता.

‘‘गिरजाबाईंचा ढीग?’’ मी विचारलं.

तुकारामने कागद पुढे केला. ‘‘इथं नाव नाही, बाई. तुमच्याच हातचं आहे.’’

‘‘हात ठोसरांचा आहे,’’ मी म्हणाले, आणि म्हणता म्हणता लाज वाटली.

‘‘मंग तोंड तुमचं असन,’’ तो म्हणाला. आधीसारखं हसला नाही कुणी.

आबाजी डोंग्याच्या कडेवर बसले होते. मी त्यांच्याजवळ गेले. ‘‘आबाजी, तुमचीच रीत होती ना? जाळ्याचा वाटा?’’

‘‘होती ना.’’

‘‘मग?’’

‘‘कोनतं जाळं, बाई? तिचं जाळं पान्यात कुठी आहे?’’ ते शांतपणे म्हणाले. ‘‘कोनाचंच नाही. माहं बी घरी उंदरं खाऊन राह्यले. हे जाळं संस्थेचं. संस्था अकरा जनाची. मी रीत मोडली नाही. रीतीले धराले जागाच नाही राह्यली.’’

‘‘तुम्ही आपखुशीने तिला काही…’’

‘‘देल्लं. पहिल्या दिवशी मी सोता माह्या ढिगातली मरळ तिच्या दारात नेऊन ठेवली.’’ ते म्हणाले. ‘‘दुपारी ते मरळ माह्या दारात होती. साफ करून, हयद लावून. माह्या बुढीनं रांधली, आमी खाल्ली. काय करता!’’

बायका ओसऱ्यांत रिकाम्या बसलेल्या दिसल्या. दोरा वळायचा नाही, साल शिजवायची नाही, सांधायचं क्वचितच. एकीने मला चेष्टेने म्हटलं, ‘‘बाई, तुमी आमाले आराम देल्ला. आता ढाणकीले जाऊन लोकाईच्या मिरच्या निसतो.’’ पुऱ्यात सालीचा वासही उरला नव्हता.

गिरजाचं घर बंद होतं. सासू भाद्रपदात गेली, असं शेजारणीने सांगितलं. म्हणजे नवं जाळं येण्याच्या आधीच. तेवढं एक बरं झालं असं ती म्हणाली. गिरजा मोजमजुरीने कापूस वेचायला जाते, वरच्या रानात.

तासभर चालून मी तिथे पोचले. वेचणीचं रान माझ्या ओळखीचं, घरासारखंच. बायकांच्या ओळीत कोण नवखी आहे हे मला लांबून कळतं. नवखी बाई बोंड ओढते, सरावलेली नुसती उचलते. गिरजा ओढत होती. नखांच्या कडा बोंडाच्या टोकांनी फाटल्या होत्या. ओळीत ती सगळ्यांत मागे, आणि मालकाचा माणूस तिला नावाने न हाकारता ‘ए भोईन’ म्हणत होता.

मला बघून ती उठली नाही. मीच तिच्या ओळीत बसले आणि वेचायला लागले.

‘‘तुमाले येते वाटते हे,’’ ती म्हणाली.

‘‘लहानपणी केलंय.’’

‘‘दिसते. मले जमत नाही. हे पांढरं पाह्यलं का मले जाळंच दिसते.’’

मी तिला सांगितलं की अर्ज आणला आहे, सभासद होता येईल, अजून उशीर झाला नाही. पिशवीतून काढून दाखवला. तिला वाचता येत नाही. तिने रकान्यांवर बोट ठेवत विचारलं, इथे काय, इथे काय. मी सांगत गेले. नाव. वय. गाव. मग ‘व्यवसाय’.

‘‘इथं काय लिवता?’’

‘‘मासेमारी.’’

‘‘कोनाची?’’

‘‘तुमची. स्वतः मासेमारी करते, असं लिहायचं. फक्त लिहायचं हो. तपासायला कुणी येत नाही. आबाजी सही देतील, तुकारामही देईल, मी बोलले आहे त्यांच्याशी.’’

तिने कागद परत दिला. दुमडून, घडीवर घडी बसवून.

‘‘मी मासे मारत नाही, बाई. जलमात ओल्या वाळूच्या पुढं पाय टाकला नाही. खोटं लिवून मासा आनीन आनं त्याच वाळूवर त्याईच्या समोर टोपल्यात भरीन? तवा माहा वाटा होता म्हनून मी मान वर करून भरत होती.’’

‘‘मग काय लिहू? तुम्हीच सांगा.’’

‘‘माह्या नवऱ्याचं जाळं मारत होतं मासे. मी ते जित्तं ठेवलं. हे लिवा.’’

‘‘असं लिहिता येत नाही, गिरजाबाई.’’

‘‘तुमाले येते ना लिहिता,’’ ती म्हणाली, आणि पुढच्या झाडाकडे सरकली. ‘‘त्या दिवशी पाह्यलं मी, किती भरभर लिवून घेत होत्या वहीत.’’

मालकाचा माणूस ओरडला, ‘‘ए भोईन, गोष्टी करून राह्यली का वेचून राह्यली?’’ माझ्या अंगावर खादीचं पातळ होतं आणि पायात चप्पल, म्हणून त्याने मला काही म्हटलं नाही. मी माझ्या ओंजळीतला कापूस तिच्या ओटीत टाकायला गेले. तिने ओटी आवळून धरली. ‘‘तुमचा तुमी ठेवा,’’ म्हणाली. रागाने नव्हे, आबाजींची मरळ हळद लावून परत करताना तिचा आवाज असाच असेल. तो कापूस मी शेवटी बांधावर ठेवला आणि निघाले. काही अंतरावर तिची हाक आली.

‘‘बाई! खरं लिवून आना. मंग अंगठा देते.’’

परतल्यावर

परतीच्या प्रवासात सांगण्यासारखं काही नाही. ढाणकीच्या बाजारात उंबरडोहचे मासे एक व्यापारी संस्थेकडून एकगठ्ठा घेऊन विकत होता. भाव विचारला नाही.

तेव्हापासून मी तो रकाना भरते आहे. पहिल्या अर्जात ‘जाळ्याची मालकीण’ असं लिहून आधी कचेरीत दाखवलं. असा व्यवसाय तक्त्यात नाही म्हणून परत आला. दुसऱ्यात ‘जाळे सांधणे’ लिहिलं. नवं जाळं सांधावं लागत नाही, तेव्हा तो व्यवसाय चालू नाही, असा शेरा मारून आला, आणि शेरा चूक नव्हता. ‘मासेविक्री’ लिहावं तर आता विक्री व्यापारी करतो. वरच्या साहेबांना त्या अर्ध्या पानाची नक्कल पाठवली, तपशीलवार, बारा ढीग आणि पाठ करून उभं राहणं यासकट. त्यांचं उत्तर आलं की माहिती मनोरंजक आहे, लोकजीवनावरच्या एखाद्या लेखात वापरावी.

म्हणून हा लेख. मंडळातल्या भगिनींना गंमत हवी होती, त्यांची क्षमा मागते.

संस्थेची सर्वसाधारण सभा येत्या चैत्रात आहे. तिच्या आत अर्ज पोचला तर तो सभेपुढे येईल. आबाजींची निशाणी मी घेऊन ठेवली आहे, तुकारामची सहीही आहे. नाव, वय, गाव भरलं आहे. असा तिसरा अर्ज टेबलावर आहे, त्यात व्यवसायाचा दीड बोट रुंद रकाना तेवढा कोरा आहे, आणि त्यात काय लिहायचं ते अजून ठरायचं आहे.